भ्या घालवणारी बाई

श्रावण लागला आणि आज सकाळी अमरचा फोन आला. ‘मॅडम, पाणी वाढाय लागलंय. संध्याकाळी या की.’ एवढंच बोलला आणि ठेवला. या दिवसांत फोन वाजला की आधी माझ्या पोटात गोळा येतो आणि मग मी तो उचलते. लोकांना हे सांगितलं तर त्यांचा विश्वास बसणार नाही, कारण लोकांच्या पोटातला गोळा घालवणं हाच माझा धंदा आहे.

मी मानसशास्त्राची माणूस. सकाळी राजारामपुरीत माझ्या दोन खोल्यांच्या दवाखान्यात बसते, दुपारी कॉलेजात शिकवते आणि संध्याकाळी, बोलावतील तेव्हा, शाहूपुरीतल्या एका छोट्या रेडिओ केंद्रावर जाते. ते केंद्र अमर चालवतो. माझ्या कार्यक्रमाचं नाव ‘खुशाली’. एरवी तो आठवड्यातून एकदा असतो. झोप का लागत नाही, सासूशी कसं बोलावं, दहावीच्या पोराला किती टोचावं, मोबाइल हातातून कसा काढावा, असं सगळं त्यात चालतं. पण पंचगंगा पात्राबाहेर आली की ‘खुशाली’ रोज लागतो. मी रोज बोलते. शांत, सावकाश, प्रत्येक शब्द पुसून ठेवल्यासारखा.

याचा परिणाम मात्र भलताच झाला आहे. आमच्या शेजारच्या पाटीलकाकू परवा जिन्यात भेटल्या आणि म्हणाल्या, ‘तुमी रोज बोलाय लागला की मी तांदळाचा डबा माळ्यावर चढवतो बघा.’ मी हसले. घरात आल्यावर मात्र मला हसू येईना. ज्या आवाजानं माणसांना धीर यावा म्हणून मी तो इतकी वर्षं घासला, त्या आवाजाला आता पाण्याचा वास लागला आहे.

महाद्वार रोडवर भाजी विकणाऱ्या एका मावशींनी तर मला नावच पाडलं. मी गवारीचा भाव विचारला तशी त्यांनी मान वर केली, डोळे बारीक केले आणि म्हणाल्या, ‘पावणं, तुमी त्या रेडिओवरल्या भ्या घालवणाऱ्या बाई न्हवं?’ मी हो म्हणाले. त्यांनी मूठभर कोथिंबीर वर घातली. त्या कोथिंबिरीचा मला फार आनंद झाला होता. ही त्या मोठ्या पुराच्या आधीची गोष्ट. त्या वेळी मलाही वाटायचं की भीती ही घालवायचीच गोष्ट आहे.

बाहेरच्या माणसाला आमच्या कोल्हापूरचा श्रावण कळत नाही. धुणं वाळत नाही, म्हणून घराघरांत इस्त्रीच्या ओल्या वाफेचा वास असतो. वर्तमानपत्र हातात घेतलं की मऊ लागतं. चपलांच्या आतून पाणी बोलतं. आणि माणसं एकमेकांना भेटली की ‘कसं काय’ विचारत नाहीत. ‘पाणी कुठं आलंय?’ असं विचारतात. बँकेत, केस कापायला गेल्यावर, अगदी मयताला जमल्यावरसुद्धा. राजाराम बंधाऱ्यावर पाणी किती फुटांवर आहे हे इथल्या शाळकरी मुलींनाही तोंडपाठ असतं. राधानगरी धरणाचा एक दरवाजा उघडला की ती बातमी रिक्षावाल्यापासून डॉक्टरापर्यंत पोचायला चहा निवायचाही वेळ लागत नाही.

आणि आम्ही पाणी बघायला जातो. हे दुसरीकडे कुणी करत असेल असं मला वाटत नाही. संध्याकाळ झाली की घरातला कर्ता माणूस म्हणतो, ‘चला, पाणी बघून येऊया,’ आणि सगळं घर शिवाजी पुलाकडे निघतं. कुणी पोरीला खांद्यावर घेतलेलं असतं, कुणी आईला स्कूटरवर मागं बसवलेलं असतं. भाजलेल्या कणसाच्या गाड्या लागतात, भज्यांचा घाणा पडतो. पुलाच्या कठड्याला टेकून लोक चॉकलेटी पाण्याकडे बघत कणीस खातात. मीही लहानपणापासून हे केलं आहे. कणसावरचं लिंबू-मीठ चाटता चाटता मी पहिल्यांदा भ्यायले ते तिथंच.

कारण त्या पाण्याला आवाज नसतो. डोंगरातलं पाणी गर्जना करत येतं, धबधबा कान फाडतो. आमचा पूर धावत येत नाही, चालत येतो. उसाच्या सरीसरीतून आत शिरतो, गटारीतून उलटा वर येतो, देवळाच्या पायरीवर बसून राहतो. सकाळी बघावं तर दोन बोटं वाढलेला. दुपारी बघावं तर तेवढाच. माणसाच्या मनाला अशा गोष्टीची वेळेवर भीती वाटत नाही, हे मी वर्गात शिकवते. साप दिसला की उडी मारणारं मन सावकाश चढणाऱ्या पाण्यापुढं मख्ख बसून राहतं. वर्गात शिकवणं सोपं आहे.

माझी आक्का नदीच्या वळणावरच्या एका गावात दिली आहे. माझ्याहून बरीच मोठी. आई दिवसभर रानात असायची, त्यामुळं मी आक्काच्या कडेवर वाढले. तिचा खांदा माझ्या हनुवटीच्या मापाचा होता. आम्ही लहान असताना एकदा मी नदीच्या उतारावर कपडे धुणाऱ्या बायकांच्या पलीकडे गेले. पायाखाली वाळू होती, मग एकाएकी नव्हती. आक्कानं माझी वेणी धरून मला बाहेर ओढलं आणि काठावर आणून अशी एक ठेवून दिली की माझ्या कानात दिवसभर नदी वाजत होती. ती रडत होती आणि ओरडत होती, ‘भ्या वाटतंय का न्हाय तुला? भेत जा की जरा!’ तिनं मला जवळ घेतलं नाही, घाबरू नको म्हणाली नाही. पुढं मी भीतीवर जाडजाड पुस्तकं वाचली. त्यात कुठंही हे वाक्य सापडलं नाही.

आक्काचं माझ्या कार्यक्रमावर फार प्रेम. तिच्या गोठ्यात खिळ्याला एक जुना रेडिओ टांगलेला आहे, आणि ‘खुशाली’ची वेळ नेमकी तिच्या धारेची वेळ. चंद्री नावाची तिची म्हैस मोठी नखरेल. अनोळखी माणूस गोठ्यात आला तरी पान्हा चोरते. पण आक्का शपथेवर सांगायची, ‘तू बोलाय लागलीस की चंद्री पान्हा सोडती बघ. कान पाडून हुभी ऱ्हाती.’ दाजी चेष्टा करायचे. म्हणायचे, ‘मेव्हणीबाई, माणसांचं ऱ्हाऊ द्या, म्हशींचा दवाखाना काढा. लई चालंल.’ मला ही चेष्टा आवडायची. माझ्या आवाजानं एक म्हैस निवांत होते, यापेक्षा चांगलं प्रशस्तिपत्र मला कोणत्याही विद्यापीठानं दिलं नसतं.

आणि आक्काच्या घराच्या भिंतीवर एक रेषा होती.

दाजींच्या वडिलांनी काढलेली. पूर्वी कधीतरी जो मोठा पूर आला होता, त्याचं पाणी जिथंपर्यंत चढलं तिथं त्यांनी लाल ऑइलपेंटनं एक आडवी रेघ ओढून ठेवली होती. तुळशीच्या कट्ट्याच्या थोडी वर, उंबऱ्याच्या बरोबरीनं. त्या गावात जवळजवळ प्रत्येक घरावर अशी रेघ आहे. कुणी चुन्यानं काढलेली, कुणी डांबरानं. आणि प्रत्येक घरात तिच्याबद्दल एकच वाक्य आहे, ‘ह्याच्या वर येत न्हाय.’ नवी सून घरात आली की तिला चूल, देव्हारा आणि रेषा दाखवतात. रेषेपर्यंत पाणी आलं की सामान उचलायचं, रेषेच्या खाली असेल तोवर चहा करून प्यायचा. पिढ्यान्‌पिढ्यांची भीती एका रेघेत भरून भिंतीवर ठेवून दिलेली. मनात ठेवायची गरज नाही.

मला त्या रेषेचं कौतुक वाटायचं. मी एकदा रेडिओवर तिचं उदाहरणही दिलं होतं, की भीतीला अशी सीमा आखता आली पाहिजे.

मग त्या मोठ्या पुराचं वर्ष आलं. त्या श्रावणात पाऊस लागला तो थांबेचना. शहरात सुरुवातीला गंमत होती. शाळांना सुट्टी, पुलावर गर्दी, कणसांना भाव. मग पुलावर पोलीस उभे राहिले आणि कणसांच्या गाड्या गेल्या. मग हायवे पाण्याखाली गेला आणि दूध यायचं थांबलं. पेट्रोलच्या रांगा लागल्या. पाणीपुरवठ्याचे पंप बुडाले आणि सगळीकडं पाणी असताना आम्ही हंडे घेऊन टँकरची वाट बघत उभे राहिलो. त्या रांगेत कुणी विनोद करत नव्हतं. कोल्हापुरात माणसं रांगेत उभी आहेत आणि कुणी मोठ्यानं बोलत नाही, हे मी तेव्हा पहिल्यांदा बघितलं.

रोज संध्याकाळी मी अमरच्या स्टुडिओत जायची. भिंतींना लावलेला फोम दमट होऊन त्याला कुबट वास येत होता. काचेपलीकडे अमर, अलीकडे मी, मध्ये एक दिवा, आवाज लोकांपर्यंत जायला लागला की लाल होणारा. फोन यायचे. पेठ वडगावची एक बाई, जिची लेक नदीकाठच्या गावात दिलेली, तिला डोळा लागत नव्हता. मी तिला श्वास मोजायला सांगितलं. एका माणसाचा हात थरथरायचा थांबत नव्हता. मी त्याला म्हणाले, पायाखालची जमीन जाणवून घ्या, आजूबाजूच्या वस्तूंची नावं घ्या. सगळं बरोबर होतं. आजही मी हेच सांगेन. ज्याच्या पायाखाली जमीन आहे त्याला त्याचा उपयोग होतो.

मग एके दिवशी घाटमाथ्यावरच्या, नदीच्या उगमाकडच्या गगनबावड्याचा एक म्हातारा फोनवर आला. मोबाइलवर कार्यक्रम ऐकत होता. त्याला कसलाच प्रश्न विचारायचा नव्हता. म्हणाला, ‘बाई, हितं आभाळ फाटलंय. आमच्या आयुष्यात आसला पाऊस बघितलेला न्हाय. ह्यो सगळा तुमच्याकडंच येणार की वं. जपा.’ आणि त्यानं फोन ठेवला. मी माईकसमोर काहीतरी बोलले, काय ते आठवत नाही. माझ्या डोळ्यांपुढं आक्काच्या भिंतीवरची लाल रेघ आली, आणि मला एकाएकी समजलं की पाण्याला ती वाचता येत नाही.

कार्यक्रम संपल्या संपल्या मी आक्काला फोन लावला.

‘आक्का, पाणी कुठं आलंय?’

‘तुळशीला लागलंय. रेषा अजून हाय की वर.’

‘गावात होड्या आल्यात म्हणे. लोक बाहेर पडलेत.’

‘पडल्यात भाईर काही घरची माणसं. भित्री हाईत. आमच्या गल्लीत कोण हाललं न्हाय. चंद्रीला टाकून कुठं जाऊ? आणि हे बघ, मी काय भेत न्हाय. तू काल सांगितलंस तसं सगळं करतो मी. श्वास घेतो, सोडतो. पायाखालची जमीन बघतो.’

‘आक्का, पायाखालची जमीन कशी आहे?’

‘जरा वल्ली हाय.’

बाहेर पाऊस पडत होता आणि मी घामानं भिजत होते. मी ओरडले, रागावले, शपथा घातल्या. आक्का माझी समजूत घालत राहिली. माझ्याच शब्दांत, माझ्याच सुरात, सावकाश. ‘आगं, तूच म्हणतीस न्हवं, भ्या निम्मं मनातलंच आसतंय म्हणून?’

‘निम्मं म्हणाले, आक्का. निम्मं पाण्यातलं असतं.’

‘बरं बरं. उद्या बोल चांगलं. गल्लीतल्या बायका ऐकायला येत्यात गोठ्यात.’ आणि फोन बंद झाला. पुन्हा लागलाच नाही.

त्यानंतर संध्याकाळपर्यंतचा दुसरा दिवस मी कसा काढला ते सांगता येणार नाही. दवाखान्यात कुणी नव्हतं. मी खिडकीशी उभी राहून पावसाच्या रेघा बघत होते. मी स्वतःला श्वास मोजायला लावला. आकडे विसरत होते. आजूबाजूच्या वस्तूंची नावं घेतली. टेबल, पंखा, छत्री. छत्रीपाशी आल्यावर आक्काचं घर आठवायचं. दाजींचा फोन बंद, भाच्याचा फोन बंद. त्या गावाकडं जाणारा रस्ता कधीच बुडाला होता. मी कंट्रोल रूमला फोन केला. तिथल्या दमलेल्या माणसानं सांगितलं, ‘ताई, होडी त्या गल्लीत दोनदा जाऊन आली. माणसं येत न्हाईत म्हणत्यात.’ माणसं येत नाहीत. मी ते वाक्य मनात फिरवत बसले. ती का येत नाहीत हे सगळ्या जिल्ह्यात फक्त मला ठाऊक होतं. ती गोठ्यात बसून संध्याकाळची, मी रेडिओवर धीर देण्याची, वाट बघत होती.

स्टुडिओत गेले तेव्हा अमर म्हणाला, ‘मॅडम, आज जरा जास्तच शांत बोला. लोकांत घबराट व्हायला नको.’ त्याचं खरं होतं. घबराटीनं माणसं मरतात. मी मान हलवली. खुर्चीत बसले. कानाला हेडफोन लावले. दिवा लाल झाला.

‘नमस्कार,’ मी म्हणाले. माझाच आवाज माझ्या कानात आला, गुळगुळीत, कोमट. आणि मला गोठा दिसला. खिळ्यावरचा रेडिओ. गुडघ्यांत किटली धरून बसलेली आक्का. दारात उभ्या चार बायका, त्यांचे पाय पाण्यात. आणि चंद्री, जिनं हा आवाज ऐकताच कान पाडले असणार आणि पान्हा सोडला असणार. एवढी सगळी माणसं आणि एक जनावर माझ्या ‘नमस्कार’नं निवांत होत होती, आणि पाणी चढत होतं.

मला भीती वाटली. आयुष्यात इतकी भीती मला कधी वाटली नव्हती, नदीत पायाखालची वाळू सरकली तेव्हासुद्धा नाही. मला पुढचं वाक्य येईना. गप्प बसणं रेडिओवर फार लांब वाटतं. अमरनं काचेपलीकडून मान वर केली.

आणि मी ओरडले. पुस्तकी बोलणं सगळं गळून पडलं. ‘आक्का, ऊठ! ऐकालीस काय? ऊठ तितनं! भ्या वाटतंय का न्हाय तुला? भेत जा की जरा! रेषा बघत बसू नको, रेषेला काय कळतंय? दावं काप चंद्रीचं आणि भाईर पड. मला भ्या वाटाय लागलंय, आक्का. लई भ्या वाटाय लागलंय.’ मग मी रडायला लागले, आणि रडत रडतच बाकीच्यांना सांगितलं की जे कुणी भिंतीवरच्या रेघेकडे बघत थांबले असतील त्यांनी अंधार पडायच्या आत जनावरं सोडून बाहेर पडावं. मला एवढंच सांगता येतंय, म्हणाले. आज माझ्याकडे दुसरं काही नाही.

अमर उभा राहिला होता. त्याचा हात बटणाजवळ होता. नंतर मी त्याला विचारलं, बंद का नाही केलंस? तो म्हणाला, ‘सुचलंच न्हाय मॅडम. माझंच आंग थरथराय लागलतं.’

त्यानंतर काहीच कळलं नाही. ‘काही कळलं नाही’ हे तीन शब्द आहेत, पण त्यांच्यात बसून राहणं काय असतं ते त्या दिवसांत आमच्या निम्म्या जिल्ह्यानं अनुभवलं. कुणाचा फोन लागत नव्हता. मी घरात फिरत राहिले. मला सारखं वाटत होतं, वीज गेली असेल, रेडिओचे सेल संपले असतील, आक्कानं ऐकलंच नसेल. किंवा ऐकलं असेल आणि हसली असेल.

दुसऱ्या दिवशी दुपारी अनोळखी नंबरवरून फोन आला. पलीकडे आक्का. तिचा पहिला शब्द शिवी होता. तो इथं लिहिता येत नाही.

‘आसं वरडतंय व्हय कोण रेडिओवर? चंद्रीनं लाथ घातली! किटली गेली, समदं दूध गेलं पाण्यात!’

‘कुठं आहेस तू?’

‘माळावरच्या शाळंत. समदीजणं हाईत. चंद्री बी हाय.’ मग तिचा आवाज खाली आला. ‘तू बोललीस ते माझ्या डोक्यात शिरलंच न्हवतं गं. मला वाटलं येडी झाली ही. पर चंद्रीचे कान हुभे राह्यले. डोळं पांढरं केलं तिनं. पान्हा चोरला, लाथ घातली आणि दाव्याला हिसडं द्याय लागली. ती म्हस तुझ्या आवाजाला कवा भ्याली न्हवती. तवा मला भ्या वाटलं. मग मी खाली बघितलं तर पाणी उंबऱ्याला लागलंतं.’

त्यांनी दावी कापली. गल्लीतल्या बायका, म्हातारी माणसं आणि जनावरं उसाच्या वाटेनं, म्हशींच्या शेपट्या धरून, मांडीएवढ्या पाण्यातून माळावर गेली. सकाळी उजाडल्यावर माळावरून बघितलं तर गल्लीत फक्त कौलं होती. लाल रेषा पाण्याच्या किती खाली होती ते कुणी मोजलं नाही. गोठ्याची भिंत कधी पडली तेही कुणाला ऐकू आलं नाही.

पाणी उतरल्यावर मी गेले. तो वास अजून माझ्या नाकातून जात नाही. चिखल, कुजलेला ऊस, भिजलेलं धान्य आणि आणखी कशाकशाचा. आक्का पायात पिशव्या बांधून घरातला गाळ फावड्यानं ओढत होती. मला बघून तिनं फावडं टाकलं. तिनं माझी वेणी धरली, म्हणजे जी काही उरलीय ती, आणि जरा ओढली.

त्यानंतर माझं नाव बरंच झालं आणि बरंच खराबही झालं. कुणी म्हणालं, भ्या घालवणाऱ्या बाईनंच भ्या घातलं तर लोकांनी कुणाकडं बघायचं? एका वाहिनीनं मला बोलावलं. छान साडी नेसलेली निवेदिका म्हणाली, ‘मॅडम, प्रेक्षकांना भीतीवर मात करण्याचे सोपे उपाय सांगा. अर्ध्या मिनिटात.’ मला सांगायचं होतं की भीतीवर मात करू नका, तिला बसायला पाट द्या, तिला विचारा की बाई, तू काय बघून आलीस? कधी ती उगाच येते, तेव्हा तिला चहा पाजून घालवा. कधी ती खरी बातमी घेऊन येते. दोन्हीतला फरक कसा ओळखायचा, हे मला अजूनही नेमकं सांगता येत नाही. पण अर्ध्या मिनिटात एवढं मावेना. मग मी श्वास मोजायचं सांगून घरी आले.

आता आक्काचं घर पुन्हा उभं आहे. गोठा सिमेंटचा झाला आहे, रेडिओ नवा आहे, चंद्री म्हातारी झाली आहे. आणि दाजींनी भिंतीवर नवी रेघ काढली आहे. तोच लाल ऑइलपेंट. खिडकीच्या वरच्या चौकटीला लागून. घर उभं राहिलं त्या वर्षीच्या पाडव्याला मी गेले तेव्हा त्यांनी मला ती कौतुकानं दाखवली. ‘आता ह्याच्या वर येत न्हाय,’ ते म्हणाले.

मी त्यांच्याशी भांडले. म्हणाले, ‘दाजी, पुसा ती रेघ.’ ते बिचारे गोंधळले. ‘पुसली तर पावसाळ्यात बघायचं कशाकडं?’ माणसाला बघायला काहीतरी लागतं. आक्का चुलीपाशी होती. ती भाकरी थापत राहिली. तेव्हापासून प्रत्येक श्रावणात मला ती नवी रेघ दिसते, आणि तिच्याखाली चहा पीत बसलेली माझी माणसं दिसतात. रेघ जितकी वर गेली आहे तितकी माझी भीती वाढली आहे.

आज संध्याकाळी मी स्टुडिओत लवकर आले. फोमला तोच कुबट वास. रस्त्यावर लोक पाणी बघायला निघालेले, पोरांच्या हातात कणसं. अमर तारा जोडतोय. राधानगरीचे दरवाजे दुपारी उघडले, असं त्यानं मला न विचारता सांगितलं. मी खुर्चीत बसून आक्काला फोन लावला. पहिल्यांदा तिनं उचलला नाही. दुसऱ्यांदा उचलला.

‘आक्का, पाणी कुठं आलंय?’

‘हाय अजून मळीत, काठाच्या रानात. रेषेच्या लई खाली हाय. लईच खाली.’ मागं चंद्री रेकत होती. मला तिचा श्वास ऐकू येत होता, आणि ती तो मोजत नव्हती. मग ती हळूच, जवळजवळ लाजून म्हणाली, ‘पर मला आजपासनंच भ्या वाटाय लागलंय गं. ह्यास्नी सांगितलं मी, जनावरं माळावर न्या म्हणून. न्ह्याय लागल्यात. उगंच वाटतंय का काय, कुणास ठाऊक.’

माझ्या ओठांवर ‘भीती निम्मी मनातलीच असते’ हे जुनं वाक्य आलं होतं. इतक्या वर्षांची सवय, ते आपोआपच येतं. काचेपलीकडून अमरनं हात वर केला. दिवा लाल व्हायची वेळ झाली होती.

मी ते वाक्य गिळलं. ‘बरं झालं, आक्का,’ मी म्हणाले. ‘निघ.’